वाचकांचे प्रश्न : पॅनेलपेटी, ग्लँड आणि केबलची वाट

या वेळी आलेल्या पत्रांपैकी बरीचशी विजेच्या पेट्या आणि केबल यांच्याबद्दल आहेत. जिल्हे आणि जागा वेगळ्या असल्या, तरी बिघाड बहुतेक एकाच ठिकाणी सुरू झालेला दिसतो : केबल जिथून पेटीत शिरते त्या भोकाशी किंवा ती जिथे टर्मिनलला जोडली जाते त्या टोकाशी. पेटी चांगली असते आणि केबलही चांगली असते, पण दोन्हींची गाठ पडते तिथले काम घाईत उरकलेले असते. म्हणून उत्तरांत आम्ही तिथेच जास्त थांबलो आहोत.

प्रश्न : रत्नागिरीजवळ किनाऱ्यापासून अर्ध्या किलोमीटरवर आमचे कोळंबी प्रकल्पाचे पंप आहेत. बाहेर बसवण्यासाठी मुद्दाम आयपी ६५ दर्जाचे पॅनेल घेतले. दोन पावसाळ्यांत आतल्या पट्ट्या हिरव्या झाल्या आणि तळाशी बोटभर पाणी साचते. दर्जा खोटा होता का?

बहुतेक नसावा. आयपी ६५ मधला पहिला आकडा ६ म्हणजे धूळ अजिबात आत जाणार नाही, आणि दुसरा ५ म्हणजे ६.३ मिलिमीटरच्या नोझलमधून मिनिटाला १२.५ लिटर पाण्याचा झोत कोणत्याही दिशेने मारला तरी आत अपाय होणार नाही. ही चाचणी आयएस/आयईसी ६०५२९ प्रमाणे होते. पण ती होते नव्या पेटीवर, ताज्या गॅस्केटवर आणि काही मिनिटांपुरती. गंज, ऊन, खारी हवा आणि आत धरणारा दव यांबद्दल हा आकडा काहीच सांगत नाही. साइटवर पेटीला ड्रिलने पहिले भोक पडले की त्या भोकाची जबाबदारी बसवणाऱ्याची.

बोटभर पाणी दोन वाटांनी येते. पहिली वाट दाबाच्या फरकाची. दुपारी उन्हात पेटीतली हवा ६० अंशांवर जाते. अचानक सर आली की पत्रा थंड होतो आणि आतली हवा ३० अंशांपर्यंत उतरते. पेटी पूर्ण बंद असेल तर आतला दाब सुमारे ९ टक्क्यांनी घटतो. हा फरक जवळजवळ ९० सेंटिमीटर उंच पाण्याच्या स्तंभाइतका आहे. गॅस्केटच्या कोपऱ्यावर किंवा ग्लँडच्या (भोकात केबल घट्ट धरणाऱ्या जोडणीच्या) आट्यांवर पाणी उभे असेल, तर पेटी ते अक्षरशः ओढून घेते. पेटी जितकी घट्ट तितकी ही ओढ जोरकस, म्हणून नुसते सीलंट थापत जाणे हा उपाय नाही. पेटीच्या तळाला पडद्याचा ब्रीदर-ड्रेन प्लग बसवा. त्यातून हवा ये-जा करते, साचलेले पाणी निथळते आणि बाहेरचे पाणी आत येत नाही. मात्र प्लगचा स्वतःचा आयपी दर्जा पेटीएवढा असला पाहिजे. तळाला नुसते भोक पाडून ठेवले तर त्यातून मुंग्या येतात.

दुसरी वाट जमिनीखालच्या पाइपाची, आणि तुमच्याकडे हीच मोठी असण्याची शक्यता आहे. चरातून आलेला कंड्युट थेट पेटीत उघडत असेल, तर चरातली ओली, गरम हवा रात्रंदिवस पेटीत चढते आणि थंड पत्र्यावर तिचे थेंब होतात. ग्लँड कितीही भारी असला तरी पाइपाच्या आतून येणारी हवा तो अडवत नाही. कंड्युटचे तोंड केबलभोवती, काढता येईल अशा डक्ट सीलिंग पुटीने बंद करा. शक्य असेल तर पाइप पेटीच्या खाली ३०० मिलिमीटरवर संपवा आणि तिथून केबल उघडी वर आणून ग्लँडमधून आत घ्या.

आता ग्लँड. केबल नेहमी तळाच्या ग्लँड प्लेटमधूनच आत घ्या. वरून किंवा बाजूने घ्यावीच लागली, तर ग्लँडच्या आधी केबलला खाली लोंबता वळसा द्या, म्हणजे पाणी वळशाच्या तळाशी गळून जाईल. एका ग्लँडमध्ये एकच केबल. दोन वायरी एका रबरात कोंबल्या की त्यांच्या मधली त्रिकोणी फट उघडीच राहते, आणि त्या क्षणी आयपी ६५ चा अर्थ संपतो. तशी गरजच असेल तर अनेक छिद्रांचे रबर मिळते, ते वापरा. न वापरलेल्या भोकांना आट्यांचे ब्लँकिंग प्लग लावा. इन्सुलेशन टेप एका उन्हाळ्यात सुटते.

सीलंट निवडताना वास घेऊन पाहा. व्हिनेगरसारखा आंबट वास येणारे सिलिकॉन सुकताना ॲसेटिक आम्ल सोडते आणि बंद पेटीत ते तांब्याला खाते. तुमच्या पट्ट्या हिरव्या होण्यात खाऱ्या हवेबरोबर त्याचाही वाटा असू शकतो. न्यूट्रल क्युअर लिहिलेलेच सिलिकॉन घ्या.

पेटी भिंतीवर लावताना मागच्या पत्र्यातून आरपार स्क्रू मारले असतील, तर तीही गळती आहे. बाहेरच्या कानांवर पेटी टांगणे उत्तम, नाहीतर स्क्रूखाली रबरी सीलचे वॉशर हवेत.

नवी पेटी घ्यायची वेळ आली, तर किनाऱ्यावर पावडर कोटिंगचा साधा पत्रा घेऊ नका. कोटिंग ६० ते ८० मायक्रॉनचे असते, आणि भोकाची कापलेली कड उघडी राहते. गंज तिथून कोटिंगच्या खाली सरकत जातो. ३०४ प्रतीच्या स्टेनलेसवरही खाऱ्या वाऱ्यात तपकिरी डाग पडतात. ३१६ टिकते, पण महाग आहे. आमच्या मते लहान आणि मध्यम पेट्यांसाठी ग्लासफायबरची पेटी हाच किनाऱ्यावरचा शहाणा पर्याय आहे, फक्त तिच्यावर ऊनरोधक थर असल्याची खात्री करा. ग्लँड निकेल मुलाम्याचे पितळी घ्या. ग्लासफायबरच्या पेटीत धातूचे ग्लँड एकमेकांना आपोआप जोडले जात नाहीत. प्रत्येकाला अर्थ टॅग लावून ते अर्थ पट्टीला जोडावे लागतात. हे हमखास विसरले जाते.

दवासाठी ३० ते ६० वॅटचा छोटा हीटर, सापेक्ष आर्द्रता ६५ टक्क्यांवर गेली की चालू होईल असा हायग्रोस्टॅट लावून, पेटीच्या खालच्या भागात बसवा. पंप बंद असतानाही त्याला वीज मिळाली पाहिजे. दव पंप बंद असतानाच धरतो.

प्रश्न : सोलापूर जिल्ह्यात शेतात ५ अश्वशक्तीचा सबमर्सिबल आहे. मीटरपासून विहीर २०० मीटर. २.५ चौरस मिमीची चपटी केबल बांधाबांधाने जमिनीवरून नेली आहे. संध्याकाळी मोटर उचलत नाही, स्टार्टरमध्ये सारखा तडतड आवाज येतो, आणि पावसात स्टार्टरच्या पेटीला हात लावला की झटका बसतो.

झटक्याचे आधी. तो दुरुस्त होईपर्यंत मीटरजवळचा मेन स्विच बंद ठेवा आणि पेटीला कोणीही हात लावू नका, काठीनेही नाही.

चपटी केबल पत्र्याच्या गोल भोकातून आत गेलेली असणार. मोटर सुरू होताना केबल हलते आणि पत्र्याची धार रोज थोडे थोडे इन्सुलेशन खाते. पण फेज पत्र्याला लागल्यावर फ्यूज का उडाला नाही, हे नीट समजून घ्या. अर्थिंगच्या खड्ड्याचा रोध २० ओहम धरा. २३० भागिले २० म्हणजे साडेअकरा अँपिअर. मोटरसाठी लावलेला फ्यूज तेवढ्याने वितळत नाही, तो तासन्‌तास तसाच राहतो आणि पेटी जिवंत राहते. कोरड्या जमिनीत खड्ड्याचा रोध २० ओहमपेक्षाही बराच जास्त असतो. म्हणजे नुसत्या अर्थिंगवर विसंबून शेतात जीव वाचत नाही. अर्थिंग आणि आरसीसीबी (विजेची गळती होताच पुरवठा तोडणारा स्विच), दोन्ही हवेत.

३० मिलिअँपिअरचा आरसीसीबी १,००० ओहमच्या वाईट अर्थिंगवरही पेटीचे व्होल्टेज ३० च्या आसपास पोचताच पुरवठा तोडतो. थ्री-फेज पंपाला न्यूट्रल नसतो. म्हणून चार पोलचा आरसीसीबी घेताना तो इलेक्ट्रोमेकॅनिकल आहे, म्हणजे चालायला न्यूट्रल लागत नाही, याची खात्री करा. न्यूट्रल नसल्यास टेस्ट बटण चालण्यासाठी कोणते दोन टर्मिनल जोडायचे हे उत्पादकाच्या आकृतीत दिलेले असते. जुनी मोटर लावल्यावर आरसीसीबी लगेच पडत असेल, तर तो काढून टाकण्याआधी वायरमनकडून ५०० व्होल्टच्या मेगरने (इन्सुलेशनचा रोध मोजणाऱ्या यंत्राने) मोटर आणि केबल तपासून घ्या. १ मेगओहमपेक्षा कमी वाचन आले तर दोष आरसीसीबीचा नाही.

अर्थिंगसाठी आयएस ३०४३ प्रमाणे किमान ३८ मिमी आतल्या व्यासाचा, अडीच मीटर लांबीचा जीआय पाइप लागतो. अशा मोटरच्या सांगाड्याला दोन स्वतंत्र अर्थ जोडण्या हव्यात, हे केंद्रीय विद्युत प्राधिकरणाच्या सुरक्षा नियमांत आहे. दोन खड्ड्यांमध्ये किमान ५ मीटर अंतर ठेवा. मीठ-कोळशाने रोध उतरतो खरा, पण मीठ जीआय पाइपालाच खाते. बेंटोनाइट मिळाले तर ते भरा. चपट्या तीन कोअरच्या (आतल्या तीन तारांच्या) केबलमध्ये अर्थची तार नसते, ती मोटरपर्यंत वेगळी न्यावी लागते. पूर्वी लोखंडी कॉलम पाइपामुळे हे काम आपोआप होई, आता कॉलम पाइप प्लास्टिकचे असतात.

मोटर न उचलण्याचे गणित असे. मोटर १० अँपिअर घेते असे धरले, तर २०० मीटरवर २.५ चौ. मिमी तांब्याच्या गरम केबलमध्ये सुमारे २८ व्होल्ट जातात. ४ चौ. मिमीमध्ये १७, आणि १६ चौ. मिमी ॲल्युमिनियममध्ये फक्त ७. संध्याकाळी मीटरवरच ३४० व्होल्ट असतील तर मोटरला उरतात ३१२. मोटरचा जोर व्होल्टेजच्या वर्गाने घटतो, म्हणजे ४१५ व्होल्टला मिळणाऱ्या जोराच्या ५६ टक्केच हाती येतो, आणि सुरू होतानाच्या मोठ्या करंटला त्याहूनही कमी. तडतडही यानेच होते. कॉन्टॅक्टरच्या (स्टार्टरमधल्या चुंबकी स्विचच्या) कॉइलला पुरेसे व्होल्टेज मिळत नाही, तो ओढतो आणि सोडतो. दुसरे कारण मुंग्यांचे : काळ्या मुंग्या कॉन्टॅक्टरच्या चुंबकाच्या फटीत चिरडून थर साचतो आणि चुंबक पूर्ण मिटत नाही. पेटी उघडाल तेव्हा हेही पाहा.

तेव्हा मीटरपासून विहिरीपर्यंत आयएस ७०९८ भाग १ ची, चार कोअर १६ चौ. मिमी ॲल्युमिनियमची आर्मर्ड (धातूचे चिलखत असलेली) केबल जमिनीखालून न्या. चौथी कोअर अर्थसाठी वापरा, आणि आर्मरही दोन्ही टोकांना अर्थ करा. आयएस १२५५ नुसार या व्होल्टेजच्या केबलला किमान ७५ सेंटिमीटर खोली लागते. पण शेतात ट्रॅक्टरचा खोल नांगर चालणार असेल, तर १ मीटर खणा. चराच्या तळाला ७५ मिमी बारीक वाळू, त्यावर केबल, पुन्हा वाळू, वर आडव्या विटा, मग माती, आणि जमिनीखाली फूटभर अंतरावर लाल-पिवळी इशारा पट्टी. तुमच्याकडे काळी रेगड असेल तर केबल ताणून टाकू नका. उन्हाळ्यात ती माती फाटते, पावसात फुगते आणि तणावातल्या केबलला सांध्यावर ओढून तोडते. चरात केबल किंचित नागमोडी ठेवा, दोन्ही टोकांना मीटरभराचा वळसा पुरून ठेवा, आणि मध्ये सांधा शक्यतो येऊच देऊ नका. पाण्याचा पाइप त्याच दिशेने जात असेल तर ३० सेंटिमीटरचे अंतर राखा. वळण देताना त्रिज्या केबलच्या बाहेरच्या व्यासाच्या १२ पटींहून कमी नको. २५ मिमी जाड केबलला ती ३० सेंटिमीटर होते.

विहिरीवर चपटी केबल थेट स्टार्टरमध्ये घेऊ नका. गोल ग्लँड चपट्या केबलवर कधीच बसत नाही. चपट्या खाचेचे रबर असलेला ग्लँड मिळाला तर उत्तम. नाहीतर स्टार्टरच्या खाली वेगळी जंक्शन पेटी लावून चपटी केबल तिथे संपवा आणि पुढे गोल केबल न्या. पेटी जमिनीपासून सव्वा ते दीड मीटरवर, वर छोटे पत्र्याचे छप्पर. खालची प्लेट काढून टाकलेले स्टार्टर शेतोशेती दिसतात. पाल आत येते ती तिथूनच, आणि दोन फेजांमध्ये अडकते.

प्रश्न : वाळूज एमआयडीसीत पॅनेल बसवण्याच्या कामावर शिकाऊ आहे. साडेतीन कोअर ७० चौ. मिमी ॲल्युमिनियम आर्मर्ड केबल मुख्य पॅनेलला जोडतो. काही महिन्यांत लग (केबलच्या टोकाला दाबून बसवलेला धातूचा जोड) काळा पडतो. पक्के जोडण्याची पद्धत क्रमाने सांगा.

आधी ग्लँडपासून सुरुवात करू. बाहेरच्या पॅनेलला किंवा पाणी-धुळीच्या जागेला डबल कॉम्प्रेशन ग्लँडच घ्या. त्यात एक रबर आतल्या आवरणावर बसते, दुसरे बाहेरच्या. सिंगल कॉम्प्रेशन कोरड्या खोलीतल्या पॅनेलपुरता. ग्लँडचे माप केबलच्या चौ. मिमीवरून ठरवू नका. व्हर्नियरने बाहेरचा व्यास आणि आर्मरखालचा व्यास मोजा आणि उत्पादकाच्या तक्त्यात दोन्ही बसतात का पाहा.

बाहेरचे आवरण सोलण्यापूर्वीच ग्लँडचे मागचे नट, रबर आणि रिंग केबलवर ओवून ठेवा. आर्मरच्या पट्ट्या करवतीने आरपार कापू नका. अर्ध्या जाडीपर्यंत खाच पाडा आणि एकेक पट्टी वाकवून मोडा, म्हणजे आतल्या आवरणाला ओरखडा जाणार नाही. उरलेल्या पट्ट्या शंकूवर सारख्या पसरवा आणि रिंगने दाबून धरा. आतले आवरण ग्लँडच्या पुढे पॅनेलमध्ये १० मिमी तरी दिसले पाहिजे. ग्लँड प्लेटवर पावडर कोटिंग असते आणि त्यातून वीज वाहत नाही. म्हणून ग्लँड आणि प्लेट यांच्यामध्ये अर्थ टॅग घाला, आणि टॅगपासून अर्थ बसबारपर्यंत (पॅनेलमधल्या धातूच्या जाड पट्टीपर्यंत) वायर न्या. हा टॅग नसला तर फॉल्टचा हजारो अँपिअरचा प्रवाह पॅनेलच्या रंगावर आणि चार स्क्रूंवर विसंबतो.

आता लग. ॲल्युमिनियम सोलताच हवेत त्यावर ऑक्साइडचा पातळ, कठीण आणि वीज न वाहू देणारा थर चढतो. तारेच्या ब्रशने घासा आणि त्याच मिनिटाला ऑक्साइडरोधक पेस्ट लावून लगमध्ये घाला. केबलचे तंतू लगमध्ये बसत नाहीत म्हणून दोन-चार कापणे हा या धंद्यातला सर्रास गुन्हा आहे. कापलेल्या प्रत्येक तंतूचा करंट बाकीच्यांवर येतो, आणि लगचे दाबही ढिले पडतात. लगचे माप चुकले असेल तर लग बदला. लग दाबण्याच्या यंत्राची डाय (साचा) लगच्या मापाचीच हवी. पहिला दाब लगच्या चपट्या तळव्याकडच्या बाजूला द्या आणि मग तोंडाकडे या. किती दाब द्यायचे ते उत्पादकाने दिलेले असते. हातोड्याने ठेचलेला लग हा क्रिम्प नव्हे.

तुमचा लग काळा पडण्याचे बहुधा कारण असे : ॲल्युमिनियमचा लग उघड्या तांब्याच्या बसबारवर थेट बसला आहे. दोन धातूंमध्ये ओलाव्याने ॲल्युमिनियम झिजते, रोध वाढतो. शिवाय ॲल्युमिनियम गरम होऊन फुगते आणि बोल्टखाली दबून पसरते. थंड झाले की सांधा ढिला राहतो. बायमेटॅलिक (ॲल्युमिनियम आणि तांबे जोडलेला) लग वापरा किंवा बसबार टिनचा मुलामा दिलेला घ्या. बोल्टखाली रुंद सपाट वॉशर आणि शंकूच्या आकाराचा स्प्रिंग वॉशर हवा. टॉर्क पान्याने, उत्पादकाच्या आकड्यावर आवळा आणि बोल्टवर रंगाची रेघ ओढा. रेघ सरकलेली दिसली की सांधा हलला. हातात बसलेल्या अंदाजाला इथे किंमत नाही, कारण जास्त आवळलेला ॲल्युमिनियमचा सांधाही नंतर ढिला पडतो.

एक आकडा लक्षात ठेवा. १५० अँपिअर जाणाऱ्या सांध्याचा रोध फक्त १ मिलिओहम झाला, तर तिथे २२.५ वॅट उष्णता तयार होते, सोल्डरिंग आयर्नइतकी. पूर्ण भारावर तिन्ही फेजांच्या लगचे तापमान इन्फ्रारेड कॅमेऱ्याने पाहा. एकच फेज बाकी दोघांपेक्षा १०-१५ अंश गरम असेल, तर पुरवठा बंद करून तो सांधा उघडा. आणि केबलचे वजन लगवर येऊ देऊ नका. ग्लँडनंतर आधाराच्या पहिल्या अँगलवरच केबल क्लॅम्पने धरा.

प्रश्न : अकोल्याजवळ जिनिंग मिल आहे. १० अश्वशक्तीचे व्हीएफडी (मोटरचा वेग बदलणारा ड्राइव्ह) पॅनेल एप्रिलच्या दुपारी उष्णतेने ट्रिप होते. पंखा लावला तर फिल्टर दोन दिवसांत रुईच्या तंतूंनी बुजतो.

तुमच्या पेटीचे माप ८०० × ६०० × २५० मिमी आणि ती भिंतीवर असल्याचे पत्रात आहे. अशा पेटीची उष्णता बाहेर टाकणारी परिणामकारक जागा सुमारे १.२४ चौरस मीटर भरते. रंगवलेल्या पत्र्यातून दर चौरस मीटरला, दर अंशाच्या फरकाला साधारण ५.५ वॅट बाहेर पडतात. साडेसात किलोवॅटचा ड्राइव्ह ३ टक्के म्हणजे २२५ वॅट उष्णता सोडतो असे धरा. २२५ भागिले ६.८ म्हणजे आतले तापमान बाहेरच्यापेक्षा ३३ अंशांनी वर. बाहेर ४२ असेल तर आत ७५. बहुतेक ड्राइव्हची पूर्ण क्षमता ४० किंवा ५० अंशांपर्यंतच धरलेली असते. ट्रिप होणे हे ड्राइव्हने स्वतःला वाचवणे आहे, ट्रिपची मर्यादा वाढवू नका. आतले कपॅसिटर दर १० अंशांच्या वाढीला आयुष्याचा साधारण अर्धा भाग गमावतात.

पंखा-फिल्टर जिनिंगमध्ये नकोच. तंतू फिल्टर बुजवतात इतकेच नाही, फिल्टर काढून ठेवला की ते गरम कॉन्टॅक्टरवर साचतात आणि कापूस पेटायला एक ठिणगी पुरते. हवा-ते-हवा उष्णता विनिमयकही इथे अपुरा, कारण त्याने आतले तापमान बाहेरच्या ४२ अंशांखाली कधीच येत नाही. पहिला पर्याय आम्ही असा सुचवू : पॅनेल मिलच्या दालनातून हलवून शेजारी विटांच्या बंद खोलीत न्या, आणि त्या खोलीत बाहेरची स्वच्छ हवा थोड्या दाबाने भरा. केबल ३०-४० मीटर वाढेल, पण आगीचा धोका दालनाबाहेर जाईल. मोटरकडे जाणारी केबल लांबली की ड्राइव्हच्या पुस्तिकेत दिलेली कमाल लांबी तपासा. ती शील्डची घ्या, शील्ड दोन्ही टोकांना पूर्ण घेराच्या क्लॅम्पने धरा आणि कंट्रोलच्या वायरींपासून ३०० मिमी दूर ठेवा. हलवणे शक्यच नसेल तर धूळबंद पेटी घेऊन ड्राइव्हचा हीटसिंक मागच्या पत्र्यातून बाहेर काढा. बरेच ड्राइव्ह असे बसवता येतात. त्याने बहुतेक उष्णता पेटीत येतच नाही. बाहेरच्या पंखांवरची रुई मात्र रोज पाळी बदलताना, पुरवठा बंद करून, झटकावी लागेल. तिसरा पर्याय पॅनेलचा एसी. तो चालतो, पण कंडेन्सरवर रुई बसतेच.

प्रश्न : ठाण्यातील सोसायटीत सहा सदस्यांना गाड्यांसाठी ७.४ किलोवॅटचे चार्जर हवे आहेत. मीटर खोलीपासून पार्किंग ४५ मीटर. कंत्राटदार ६ चौ. मिमी केबली एकाच पाइपातून न्यायचे म्हणतो.

नको. ७.४ किलोवॅट म्हणजे ३२ अँपिअर, आणि तोही गीझरसारखा अर्धा तास नव्हे, रात्रभर. सहाही गाड्या एकाच वेळी लागतील असे धरूनच हिशोब केला पाहिजे. ४५ मीटरवर ६ चौ. मिमी तांब्यात सुमारे साडेदहा व्होल्ट पडतात, म्हणजे साडेचार टक्क्यांच्या वर. घराच्या पुरवठ्यात दिव्यांना ३ आणि इतर भाराला ५ टक्क्यांची मर्यादा असते, आणि मीटरपर्यंतच्या वाटेत काही आधीच गेलेले असते. १० चौ. मिमीमध्ये हेच साडेसहा व्होल्टवर येते.

पण १० ची केबलही सहा जणींच्या गर्दीत एका पाइपात टिकत नाही. आयईसी ६०३६४ च्या तक्त्यात पाइपातल्या दोन कोअर १० चौ. मिमी पीव्हीसी केबलची क्षमता ३० अंशांना ५२ अँपिअर आहे. सहा सर्किटे एकत्र असली की गुणक ०.५७ आणि ४० अंशांच्या हवेसाठी ०.८७. उरतात २६ अँपिअर, ३२ लाही न पुरणारे. त्याच केबली जाळीदार ट्रेवर एका थरात मांडा : ७० गुणिले ०.७३ गुणिले ०.८७ म्हणजे ४४. आता ४० अँपिअरचा एमसीबीही बसतो. ३२ चा एमसीबी लावू नका, गरम मीटर खोलीत तो रात्री पडत राहील.

प्रत्येक चार्जरला स्वतंत्र ३० मिलिअँपिअरचा आरसीडी (आरसीसीबीसारखा गळती ओळखणारा स्विच) हवा. साधा एसी प्रकारचा चालत नाही, कारण गाडीतून डीसी गळती झाली की तो आंधळा होऊ शकतो. चार्जरमध्ये ६ मिलिअँपिअर डीसी ओळखण्याची सोय असेल तर ए प्रकार, नसेल तर बी प्रकार. ट्रे संपूर्ण लांबीत अर्थ करा आणि सांध्यांवर तांब्याची पट्टी द्या. भिंत किंवा स्लॅब ओलांडताना भोक आगरोधक पुटीने भरून घ्या, कंत्राटदार हे भोक प्लास्टरने झाकतात. कामाआधी महावितरणकडून भारवाढ मंजूर करून घ्या.

प्रश्न : जनरेटरपासून एक कोअरच्या ३०० चौ. मिमी केबली आणल्या. केबली थंड, पण पॅनेलची लोखंडी ग्लँड प्लेट हात लावता येणार नाही इतकी तापते.

प्रत्येक फेज लोखंडातल्या वेगळ्या भोकातून गेला आहे. भोकाभोवतीचे लोखंड त्या एका केबलचे चुंबकीय क्षेत्र पकडते आणि त्यात भोवरी प्रवाह फिरतात. तिन्ही फेज आणि न्यूट्रल एकाच भोकातून गेले असते तर क्षेत्रे एकमेकांना मारून टाकली असती. लोखंडी प्लेट काढून ५-६ मिमी जाडीची ॲल्युमिनियमची प्लेट बसवा, ग्लँड पितळी किंवा ॲल्युमिनियमचे घ्या. जनरेटरकडच्या टोकालाही तीच प्लेट लागेल. वाटेत केबली त्रिकोणात एकत्र बांधा, आणि एका केबलला वेढणारा लोखंडी क्लॅम्प असेल तर तो काढा. एक कोअरच्या केबलचे आर्मर ॲल्युमिनियमचेच असले पाहिजे. ते दोन्ही टोकांना जोडल्याने आर्मरमधून प्रवाह फिरत असेल, तर टाँगटेस्टरने (केबलभोवती लावून प्रवाह मोजण्याच्या चिमट्याने) मोजा. तो मोठा आला तर आर्मर फक्त पॅनेलकडे अर्थ ठेवा, दुसऱ्या टोकाला इन्सुलेटेड प्लेटवर ग्लँड बसवा आणि अर्थसाठी वेगळी पट्टी न्या. प्लेट बदलल्यावर पूर्ण भारावर तासभर चालवून तापमान पुन्हा घ्या.